ऐंशीच्या दशकातला तो स्नेअर: गेटेड रिव्हर्ब कसा लावायचा

ऐंशीच्या दशकातल्या पॉपमधला स्नेअर (ड्रमसेटमधला कडक आवाजाचा ड्रम) लगेच ओळखू येतो. मोठ्या दालनात वाजल्यासारखा घुमतो आणि घुमता घुमता एकदम तुटतो. हा गेटेड रिव्हर्ब, म्हणजे मध्येच कापलेला घुमारा, सापडला 1979 मध्ये, पीटर गॅब्रिएलच्या तिसऱ्या अल्बमच्या वेळी, लंडनच्या टाउनहाउस स्टुडिओत. ड्रमवर फिल कॉलिन्स, इंजिनिअर ह्यू पॅडगम. वादकाचं बोलणं ऐकण्यासाठीच्या माइकवर जबरदस्त कॉम्प्रेशन (मोठे-लहान आवाज एका पातळीजवळ आणणं) होतं; त्याचा आवाज नॉइज गेटने (ठरावीक पातळीखालचा आवाज बंद करणारं साधन) कापला आणि काम झालं.

आज कुठल्याही रेकॉर्डिंग सॉफ्टवेअरमध्ये हे जमतं. रिव्हर्ब स्नेअरच्या ट्रॅकवर थेट टाकू नका, नाहीतर गेट मूळ ठोकाही कापेल. वेगळी बस (इफेक्टसाठीचा स्वतंत्र चॅनल) घ्या, स्नेअरचा सेंड (आवाजाची प्रत) तिकडे द्या. बसवर क्रम असा: रिव्हर्ब, कॉम्प्रेसर, शेवटी गेट.

रिव्हर्बचा प्रकार रूम किंवा प्लेट, 100 टक्के वेट (मूळ आवाज न मिसळता फक्त घुमारा), डिके (घुमारा विरायला लागणारा वेळ) 2 सेकंद. इथेच बहुतेकांचं चुकतं. शेपूट (ठोक्यामागचा घुमारा) लवकर कापायचीच आहे म्हणून डिके अर्ध्या सेकंदावर आणतात. मग गेट बंद होण्याआधीच शेपूट विरते आणि कापल्याचं कळतच नाही. कॉम्प्रेसरचा रेशो 8:1, गेन 8-10 डेसिबलने खाली येऊ द्या, म्हणजे शेपूट उतरत न जाता सपाट राहते.

गेटचा साइडचेन (गेट कधी उघडायचा हे ठरवणारा सिग्नल) कोरड्या, म्हणजे रिव्हर्ब नसलेल्या स्नेअरवरून घ्या, अटॅक (गेट उघडण्याचा वेग) सर्वांत जलद. होल्ड (गेट उघडा राहण्याचा वेळ) टेम्पोवरून ठरतो: 60000 भागिले बीपीएम (मिनिटातल्या बीट) म्हणजे एका बीटचे मिलिसेकंद. 110 बीपीएमला एक बीट 545 मिलिसेकंदांची, अर्धी 273 ची. होल्ड आणि रिलीज (गेट बंद होण्याचा वेळ) मिळून या अर्ध्याच्या आत बसवा. होल्ड 200, रिलीज 30 ने सुरुवात करा. रिलीज शून्यावर नेला तर टोकाला ‘टक्’ ऐकू येतं. तयार ‘गेटेड’ प्रीसेटही वाईट नसतात, पण त्यांची लांबी तुमच्या टेम्पोशी जुळेलच असं नाही.

गेट मध्येच फडफडत असेल तर बहुधा हाय-हॅट (पायाने उघडझाप होणारी झांज) स्नेअरच्या माइकमध्ये शिरतोय. साइडचेनवर 1 किलोहर्ट्झच्या वरचा भाग फिल्टरने कापा, मग थ्रेशोल्ड (गेट उघडण्याची पातळी) थोडा वाढवा. हलके घोस्ट नोट्स (मुख्य ठोक्यांमधले हळू ठोके) गेट उघडणार नाहीत. ते तसेच कोरडे राहू द्या.

टॉम्सनाही (ड्रमसेटमधले इतर ड्रम) हाच सेंड चालतो, पण साइडचेनमध्ये तेही जोडा. किकला (पायाने वाजणारा मोठा ड्रम) फार थोडा द्या आणि रिव्हर्बचा 150 हर्ट्झखालचा भाग काढून टाका. क्रॅश झांज मात्र या बसवर कधीच नको.