बस परस्पर दुसऱ्याच्या नावावर चढली? आधी अपील, मग रिट

साताऱ्याची एमएच-११ असो, कराडची एमएच-५० असो की सांगलीची एमएच-१०. बस तुमच्या संमतीशिवाय दुसऱ्याच्या नावावर झाली तर थेट हायकोर्टात धावू नका. मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम ५७ खाली अपील आहे. मुदत आदेशाची नोटीस मिळाल्यापासून फक्त ३० दिवस. अपील सोडून रिट, म्हणजे हायकोर्टातला थेट अर्ज, टाकली, तर ‘दुसरा उपाय उपलब्ध आहे’ एवढ्यावरच ती फेटाळली जाऊ शकते.

आरटीओतून फॉर्म २९ आणि ३०, म्हणजे गाडी नावावर करण्याच्या अर्जांच्या नकला काढा. सहीचा शेवटचा फराटा, तारीख, चेसिस नंबरचा पेन्सिल छाप मूळ आरसीशी ताडून बघा. कर्ज असेल तर फायनान्सरची संमती किंवा फॉर्म ३५ (कर्जाचा बोजा उतरवल्याचा फॉर्म) तपासाच. परमिटचं हस्तांतर वेगळं, कलम ८२ खाली. हे हमखास विसरतं.

सही खरी की खोटी, पैसे मिळाले की नाही, हा साक्षीपुराव्याचा वाद. त्यासाठी दिवाणी दावा लावा, सोबत बस पुढे विकू नये म्हणून तात्पुरत्या मनाईचा अर्ज. तुम्हाला न ऐकताच आदेश झाला असेल, तर मात्र रिटला जोर येतो. सातारा-सांगलीची हायकोर्टातली प्रकरणं १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई हायकोर्टाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे आहेत.