अजिंठ्याला गटानं जायचं तर

आमचं गाव बुलढाणा जिल्ह्यात, मोताळ्याच्या बाजूला. बचत गटाच्या बायांना घेऊन मी तीनदा अजिंठा केला, म्हणून सांगते.

पहिलं म्हणजे सोमवार टाळा, लेणी बंद असतात. आमच्या पहिल्या खेपेला तारीख ठरली ती नेमकी सोमवारची; एकीच्या नवऱ्यानं कॅलेंडर पाहिलं म्हणून वाचलो. एसटी प्रासंगिक करारावर, म्हणजे अख्खी गाडी भाड्यानं, मिळते, आगारात आधी अर्ज द्या. पहाटे पाचला निघा. फर्दापूर फाट्यावर आपली गाडी थांबते, पुढचे चारेक किलोमीटर तिथल्या बसनं. कळण्याची भाकर अन् ठेचा गाडीतच खाऊन घ्या.

गाईड परवानाधारकच घ्या, पैसे आधी ठरवा. वाघूर नदीच्या वळणावर उभ्या कड्यात तीस लेणी आहेत. सगळी पाहायचा हट्ट नको, पाय बोलतात. १, २, १०, १७, १९, २६ पुरेत. पहिल्यात पद्मपाणी बोधिसत्त्वाच्या चित्रासमोर डोळे अंधाराला सरावेस्तोवर थांबा, मग रंग उमटतात. फ्लॅश मारू नका. दहाव्यात १८१९ साली जॉन स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्यानं कोरलेलं स्वतःचं नाव आहे, आता डोक्याच्या वर. तेव्हा लेणं गाळानं भरलेलं होतं. विहारातल्या भिक्खूंच्या खोल्यांतले दगडी ओटे पाहून आमची सखूआजी म्हणे, "उशीपण दगडाचीच व्हय?" सव्विसाव्यातलं महापरिनिर्वाण, म्हणजे बुद्धाच्या अखेरच्या क्षणाचं शिल्प, शेवटी ठेवा. तिथं आमच्या बाया आपोआप गप्प झाल्या.

गुडघे दुखत असतील तर डोली मिळते. लाजू नका.