मीडियम वेव्हचा मोठा ट्रान्समीटर वारंवार ट्रिप होतो? या चुका टाळा

मोठा मीडियम वेव्ह ट्रान्समीटर ट्रिप झाला, म्हणजे संरक्षक यंत्रणेमुळे आपोआप बंद पडला, की पहिला संशय ट्रान्समीटरवरच जातो आणि पुढच्या चुका तिथूनच सुरू होतात. आकाशवाणीच्या नॅशनल चॅनेलसाठी १९८८ मध्ये नागपूरहून १५६६ किलोहर्ट्झवर सुरू झालेला ट्रान्समीटर १,००० किलोवॉटचा होता. एवढी शक्ती ५० ओहमच्या फीडरमधून (ट्रान्समीटरपासून ॲन्टेनापर्यंतच्या वाहिनीतून) नेताना सुमारे १४१ अँपिअर प्रवाह वाहतो आणि पूर्ण मॉड्युलेशनच्या (आवाजानुसार लहरीची उंची बदलण्याच्या) शिखरावर व्होल्टेज २० हजारांपर्यंत पोहोचते. अशा ठिकाणी ढिला बोल्ट किंवा धूळ साचलेला इन्सुलेटरही ट्रिप व्हायला पुरेसा असतो.

सर्वांत महागात पडणारी चूक म्हणजे कारण न शोधता पुन्हा पुन्हा रीसेट करणे. आकाशातील विजेमुळे मास्टच्या (ॲन्टेना म्हणून काम करणाऱ्या मनोऱ्याच्या) पायथ्याशी असलेल्या बॉल गॅपमध्ये, म्हणजे संरक्षणासाठी ठेवलेल्या दोन धातूच्या गोळ्यांमधील फटीत, ठिणगी पडली, तर ट्रान्समीटरचीच शक्ती ती पुढे पेटती ठेवते. म्हणून संरक्षक यंत्रणा कॅरिअर (आवाज वाहून नेणारी मूळ रेडिओ लहर) क्षणभर तोडते आणि ठिणगी विझल्यावर परत आणते. वादळात असे होणे स्वाभाविक आहे, परंतु आकाश निरभ्र असताना तेच घडू लागले तर लॉगबुक उघडावे. केवळ मोठ्या आवाजाच्या जागी ट्रिप होत असेल तर कुठेतरी इन्सुलेशन व्होल्टेजला दाद देत आहे. काही तास चालल्यावर होत असेल तर तापणारा जोड किंवा कॉइलची क्लिप तपासावी. आणि पहाटेच होत असेल तर दव पडलेले इन्सुलेटर आधी पुसावेत.

रिफ्लेक्टेड पॉवर (ॲन्टेनाकडून परत फिरणारी शक्ती) वाढली म्हणून फीडर आणि मास्ट यांचा मेळ घालणाऱ्या ॲन्टेना ट्युनिंग युनिटमधील कॉइलची क्लिप सरकवून मीटरचा काटा खाली आणणे, ही दुसरी चूक. त्याने दोष जात नाही, झाकला जातो. आधी मास्टच्या पायथ्याचा इम्पीडन्स (रेडिओ प्रवाहाला होणारा विरोध) मोजून उभारणीच्या वेळच्या नोंदीशी ताडून पाहावा. उलट बाजूही लक्षात असावी: मास्टभोवती चहूकडे जमिनीखाली पसरलेल्या तांब्याच्या रेडिअल तारा खोदकामात किंवा चोरीत तुटल्या, तर काटा जवळजवळ जागेवरच राहू शकतो आणि शक्ती मात्र मातीत जिरते. अमेरिकेत १९३७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ब्राउन, लुईस व एपस्टाइन यांच्या अभ्यासानंतर साधारण पाव तरंगलांबीच्या १२० तारांचे जाळे हा प्रघात पडला. १५६६ किलोहर्ट्झला पाव तरंगलांबी सुमारे ४८ मीटर होते. या जाळ्याची प्रकृती ट्रान्समीटरच्या खोलीत बसून कळत नाही. ठरलेल्या जागी जाऊन सिग्नलची तीव्रता मोजावीच लागते.

जुन्या व्हॉल्व्हच्या ट्रान्समीटरमध्ये उच्च व्होल्टेजवरील ॲनोड (व्हॉल्व्हचा तापणारा धन ध्रुव) पाण्याने थंड केला जातो. टाकीत बोअरवेलचे पाणी ओतल्यास वाहकता वाढते, गळती प्रवाह वाहू लागतो आणि धातूचे जोड झिजतात. तेथे शुद्ध, क्षारमुक्त पाण्याला पर्याय नाही.

सर्व काटे योग्य असूनही तक्रारी येतात, आणि त्यांकडे दुर्लक्ष करणे हीदेखील चूकच. अमेरिकेतील सिनसिनाटीजवळच्या मेसन येथून डब्ल्यूएलडब्ल्यू या केंद्राने २ मे १९३४ पासून ७०० किलोहर्ट्झवर ५०० किलोवॉटने प्रसारण केले. शेजारच्या ६९० किलोहर्ट्झवरील टोरांटोच्या केंद्राला रात्री अडथळा होऊ लागल्याने त्या दिशेची शक्ती कमी करणारी ॲन्टेना उभारावी लागली, आणि मार्च १९३९ मध्ये डब्ल्यूएलडब्ल्यूला पुन्हा ५० किलोवॉटवर यावे लागले. आपल्याकडे वाहिन्यांमध्ये ९ किलोहर्ट्झचेच अंतर असते. मॉड्युलेशनची खालची बाजू १०० टक्क्यांपलीकडे गेली की कॅरिअर तुटतो आणि चरचर शेजारच्या वाहिनीवर पसरते. एखाद्या घरात दोन केंद्रे एकमेकांत मिसळून ऐकू येत असतील, तर कुंपणाचा किंवा पत्र्याचा गंजलेला जोड पाहावा, कारण तो डायोडसारखा, म्हणजे प्रवाह एकाच दिशेने जाऊ देणाऱ्या घटकासारखा, वागतो. जोड घासून पक्का करावा आणि अर्थिंग द्यावे.

शेवटची चूक जिवावर बेतणारी आहे. आपला ट्रान्समीटर बंद केला म्हणजे मास्ट निर्धोक झाला असे समजू नये, कारण त्याच आवारातील दुसऱ्या चालू मास्टमुळे त्यात व्होल्टेज प्रेरित होते. अर्थिंग रॉड लावल्याशिवाय पायथ्याच्या कुंपणाचे दार उघडू देऊ नये, आणि त्या दाराच्या इंटरलॉकला (दार उघडताच शक्ती तोडणाऱ्या सुरक्षा कळीला) कोणत्याही सबबीवर बायपास करू नये.