वन्यजीव आरोग्याचे क्षेत्रीय प्रशिक्षण: दवाखान्यातल्या या सवयी सोबत नेऊ नका

जंगलात पहिल्यांदा उतरलेला पशुवैद्यक चुकतो, तेव्हा त्याला औषधे ठाऊक नसतात असे क्वचितच असते. घोटाळा सवयींचा असतो. दवाखान्यात जनावर वजनकाट्यावर चढते, शिरेत सुई लावलेली असते, प्रयोगशाळा शेजारी असते. इथे यातले काहीच नसते, हात मात्र तसेच चालतात.

कमी मात्रेने सुरुवात

थोडे देऊन, परिणाम बघून वाढवत नेणे हे दवाखान्यातले शहाणपण. डार्टने, म्हणजे बंदुकीतून उडवलेल्या औषधभरल्या सुईने, भूल देताना तेच अंगाशी येते. अर्धवट भुलीतले हरीण झोकांड्या खात पळत राहते, तापते, पाय मोडून घेते. म्हणून दोघांनी एकमेकांना न सांगता वजनाचा अंदाज लिहावा. फरक मोठा आला तर पुन्हा निरखावे, आणि त्या प्रजातीची पूर्ण मात्रा एकाच डार्टमध्ये बसवावी.

नेमबाजीचा सराव रिकाम्या डार्टने करणे हीही नेहमीची चूक. १ मिलीचा आणि ३ मिलीचा डार्ट सारख्या उंचीवर लागत नाही. जो वापरायचा आहे तोच डार्ट, तेवढेच पाणी भरून उडवा. अंतर डोळ्याने न ठरवता रेंजफाइंडरने मोजा आणि दाब त्याच बंदुकीच्या तक्त्यातून घ्या. जवळून जादा दाबाने मारलेला डार्ट हाड मोडतो. नेम मांडीच्या किंवा खांद्याच्या जाड स्नायूवर, शक्यतो काटकोनात. पोट, बरगड्या, डोके यांच्या वाटेला जाऊ नका.

डार्ट लागला, पण प्राणी बसत नाही. का? सुईच्या बाजूची छिद्रे झाकणारी सिलिकॉनची नळी सरकली नसेल, मागच्या कप्प्यातली हवा गळाली असेल, किंवा सुई आखूड पडून औषध चरबीत गेले असेल. बहुतेक वेळा मात्र कारण साधे असते: माणसे बोलत मागे निघाली. डार्टनंतर १० ते १५ मिनिटे सगळ्यांनी गप्प आणि जागेवर राहायचे. दुसरा डार्ट त्यानंतरच, आणि पहिला सापडला असेल तर तो रिकामा झाला का हे पाहून.

प्राणी खाली पडला की लगेच मोजमाप

पट्टा आणि फूटपट्टी आधी बाहेर येते, थर्मामीटर मागाहून. क्रम उलटा हवा. आधी श्वासमार्ग, तापमान, नाडी, श्वास. मग डोळ्यांत मलम आणि पट्टी. मग बाकी सारे. नोंद दर ५ मिनिटांनी. तापमान ४० अंश सेल्सिअसच्या वर चढू लागले की सावली करा, जांघेत आणि काखेत पाणी ओता. ४१ अंशांवर काम थांबवून उतारा, म्हणजे भूल उतरवणारे औषध, द्यायचा; राहिलेला नमुना राहू द्या.

रवंथ करणारा प्राणी छातीवर बसता ठेवा, मान उंच, नाक खाली. नाहीतर पोटफुगी होते आणि पोटातले पाणी फुप्फुसात उतरते. हत्तीला हा नियम लावू नका. तो छातीवर बसला तर स्वतःच्याच वजनाने त्याचा श्वास कोंडतो, त्याला कुशीवर वळवावे लागते. मेडेटोमिडिन हे भुलीचे औषध दिले असेल तर पल्स ऑक्सिमीटरच्या (रक्तातला ऑक्सिजन दाखवणाऱ्या यंत्राच्या) आकड्यावर एकट्यावर विसंबू नका: कातडीकडच्या रक्तवाहिन्या आकसल्याने तो फसवा कमी दिसू शकतो. हिरड्यांचा रंग आणि श्वासही पाहा.

उताऱ्याची घाई वेगळीच. केटामिन-झायलाझिन या भुलीच्या मिश्रणात योहिंबिन किंवा अतिपामेझोल हा उतारा फक्त झायलाझिन उतरवतो. केटामिनला उतारा नाही. शेवटच्या केटामिननंतर अर्धा-पाऊण तास न थांबता उतारा दिला, तर प्राणी ताठरतो, झटकेही येतात. कानात घातलेले बोळे मोजून काढा. ते हटकून विसरतात.

उठून गेला म्हणजे सुटला

पाठलागाने दमलेल्या हरणाच्या स्नायूंचा नाश होतो, रक्तात आम्ल आणि पोटॅशियम वाढते, लघवी तपकिरी होते. हा कॅप्चर मायोपॅथीचा आजार. मृत्यू काही तासांत येतो, तसा काही दिवसांनी, आठवड्यांनीही. खात्रीचा उपचार नाही, म्हणून पाठलाग किती मिनिटांनी सोडायचा हे निघण्यापूर्वीच ठरवा, आणि सुटकेनंतरचे निरीक्षण आराखड्यात धरा.

नमुने सगळे एकाच बर्फपेटीत

ऊतींचे तुकडे १ सेंटीमीटरहून जाड नकोत. १० टक्के फॉर्मालिन (ऊती टिकवणारे द्रावण) तुकड्याच्या दहापट. फॉर्मालिनमधला नमुना गोठवू नका. काचपट्ट्या फॉर्मालिनच्या बरणीजवळ ठेवल्या तर वाफेने रंग बिघडतो. जिवाणूवाढीसाठीचा आणि विषतपासणीचा नमुना फॉर्मालिनमध्ये टाकला की संपलाच. सीरमची (गोठलेल्या रक्तावरच्या पाण्याची) नळी आधी भरा, ईडीटीएची (रक्त गोठू न देणाऱ्या रसायनाची) नंतर. उलटे केल्यास ईडीटीएच्या अंशाने पोटॅशियम खोटे वाढते, कॅल्शियम घटते. सीरमचे रक्त थेट बर्फात न घालता साधारण अर्धा तास साकळू द्या. अल्कोहोलच्या बाटलीत पेन्सिलीने लिहिलेली चिठ्ठी टाका, मार्करची शाई विरघळते.

अचानक मेलेला, फुगलेला, नाकातोंडातून न गोठणारे रक्त येणारा प्राणी दिसला तर सुरी खाली ठेवा. अँथ्रॅक्सचे जिवाणू हवा लागली की बीजाणू तयार करतात, आणि ते मातीत वर्षानुवर्षे टिकतात. कानाच्या शिरेतून एक रक्तलेप घ्या, तपासणी होईपर्यंत शव उघडू नका.

स्वतःचा बचाव

एटॉर्फिन हे अतितीव्र भुलीचे औषध कधीही एकट्याने भरू नका. हातमोजे, चेहऱ्यावर ढाल, आणि उपचार जाणणारा दुसरा माणूस माणसाच्या उताऱ्यासह शेजारी हवा. प्राण्याला द्यायचा डायप्रेनॉर्फिन हा उतारा माणसासाठी नाही. रेबीजची प्रतिबंधक लस प्रशिक्षणाला येण्यापूर्वीच घेतलेली असावी.

अहवालातला शून्य

कळपातल्या ५ टक्के प्राण्यांत संसर्ग असेल, तर निवड यादृच्छिक (चिठ्ठ्या टाकून केल्यासारखी) आणि चाचणी अचूक धरूनही, किमान एक बाधित सापडण्याची ९५ टक्के खात्री हवी असल्यास सुमारे ६० प्राणी तपासावे लागतात. फक्त १० तपासले तर सगळे निगेटिव्ह येण्याची शक्यता जवळपास ६० टक्के. म्हणून अहवालात ‘आजार नाही’ न लिहिता ‘१० तपासले, १० निगेटिव्ह’ असे लिहावे, शिवाय प्राणी कसे निवडले तेही.