मुकुट डोक्यावर येण्याआधी: हिंदी पौराणिक मालिकांत काम शोधणाऱ्यांसाठी

पौराणिक मालिकेत काम मिळवायला निघालेल्या बहुतेकांची तयारी उलट्या टोकाने सुरू होते. आधी जिम, मग केस वाढवणं, मग भरजरी धोतरातलं फोटोशूट. त्या फोटोशूटचे पैसे तर सरळ वाया जातात. कास्टिंगवाल्यांना साध्या एकरंगी टी-शर्टमधला, मेकअप नसलेला चेहरा हवा असतो. त्यावर मुकुट कसा दिसेल हे त्यांना बरोबर दिसतं. चेहऱ्याच्या जोरावर लूक टेस्टपर्यंत, म्हणजे भूमिकेचा पोशाख-मेकअप चढवून घेतलेल्या चाचणीपर्यंत, पोचता येतं. पुढे काम टिकतं ते जिभेवर आणि पैसे मिळतात ते करारावर, म्हणून त्या दोन गोष्टींबद्दल इथे जास्त लिहिलं आहे.

ऑडिशनचं थोडक्यात. अंधेरीत वर्सोव्याच्या आरामनगरमध्ये, जिथे कास्टिंगची ऑफिसं आहेत, दारावरच ‘फिट’ की ‘नॉट फिट’ हे ठरतं. त्याचा अर्थ फक्त उंची-वय-चेहरा त्या भूमिकेच्या चौकटीत बसतो की नाही एवढाच, मनाला लावून घेऊ नका. आत गेल्यावर ओळख द्यायची: नाव, वय, उंची, कुठे राहता, सध्या कोणती मालिका चालू आहे का. मग समोरून, डावीकडून, उजवीकडून चेहरा, आणि दोन्ही बाजूंनी हात. घरून सेल्फ टेस्ट पाठवताना मोबाइल आडवा, मागे रिकामी भिंत, उजेड समोरून, नजर लेन्सच्या किंचित बाजूला. फाइलला नाव-वय-उंची-भूमिका असं नाव द्या. ‘व्हिडिओ १’ नावाची फाइल कोणी उघडत नाही. आणि गर्जना करू नका. दहापैकी आठ जण पहिल्या वाक्यापासून रावण होतात, भूमिका विदुराची असली तरी. शांत बोलणारा लक्षात राहतो.

हाती आलेली भूमिका छोटी वाटली तरी टेस्ट द्या. बी. आर. चोप्रांच्या ‘महाभारत’साठी नितीश भारद्वाज यांना आधी विदुरासाठी विचारलं होतं, कृष्ण नंतर. निवड निर्मिती संस्था करते, पण शिक्का वाहिनीचा लागतो आणि त्यात कित्येक आठवडे जाऊ शकतात. एका भूमिकेसाठी तीन-चार जणांची लूक टेस्ट झालेली असते. करारावर सही होईपर्यंत हातातलं दुसरं काम सोडायचं नाही. नोंदणी फी, पोशाखाचं डिपॉझिट, ‘आमच्याच फोटोग्राफरकडून पोर्टफोलिओ’ असं काही मागितलं, तर तिथून उठा. ऑडिशनला पैसे लागत नाहीत, कधीच.

आता जीभ. मराठी माणसाला ‘ण’ आणि ‘ष’ फुकटात मिळालेले असतात, त्या बळावर आपली हिंदी शुद्धच आहे असा गैरसमज होतो. अडचण दुसरीकडे आहे. ‘राजा’, ‘महाराज’, ‘पूजा’, ‘आज’ या शब्दांतला ज आपण दातांवर उच्चारतो. हिंदीत तो ‘जीवन’मधल्या जसारखा टाळूवर यायला हवा. राजदरबाराच्या दृश्यात ‘महाराज’ वीस वेळा येतं, म्हणजे वीस वेळा पकडले जाता. ‘कैलास’ आपण कइलास म्हणतो, ‘कौरव’ कउरव. हिंदीत ते एकेक सलग, उघडे स्वर आहेत. ‘कृष्ण’मधला ऋ तिकडे ‘रि’कडे झुकतो, ‘ज्ञान’चं ‘ग्यान’ होतं, ‘पहले’, ‘कहना’, ‘बहन’ यांत ह च्या आधीचा अ ‘ए’कडे सरकतो. ‘फल’, ‘सफल’मध्ये ओठ मिटून सोडायचे, दात ओठावर टेकवायचा नाही. ‘मैं’, ‘नहीं’, ‘माँ’ यांतलं नाकातलं अंग गेलं की वाक्य लगेच मुंबईचं वाटतं. रोज एक पान मोठ्याने वाचून मोबाइलवर रेकॉर्ड करा, ऐका, आणि चुकलेल्या शब्दांची वही ठेवा. दीड-दोन महिन्यांत फरक कानाला कळतो.

दुसरा सापळा उर्दूचा. लेखकाने लिहून दिलेलं शुद्ध असतंच. घोटाळा होतो तो ओळ विसरल्यावर. रोजच्या मालिकेत नट सवयीने स्वतःच्या शब्दांत सांभाळून नेतो. इथे तसं केलं की तोंडातून ‘लेकिन’, ‘सिर्फ’, ‘कोशिश’, ‘वक्त’, ‘इंतजार’ निसटतं आणि टेक गेला. त्यामुळे किंतु, केवल, प्रयास, समय, प्रतीक्षा हे शब्द घरी बोलतानाही येतील इतके मुरवावे लागतात. घरचे हसतील, हसू द्या. (ही भाषा फक्त संस्कृत पंडितांना जमते असं मात्र नाही. चोप्रांच्या ‘महाभारत’चे संवाद उर्दूत नाव कमावलेल्या राही मासूम रझा यांचे होते.) वाक्याच्या शेवटचं ‘है’, ‘हूँ’ गिळू नका, तिथेच आवाज पडतो आणि अख्खी ओळ पुन्हा द्यावी लागते. दृश्याची पानं बऱ्याचदा त्याच दिवशी सेटवर हातात येतात. सहायक दिग्दर्शकाच्या प्रॉम्प्टिंगवर, म्हणजे तो बाजूने ओळ सांगेल तशी, बोलण्याची सवय लागतेच, पण श्लोक असेल तर आदल्या दिवशीच मागून घ्या. श्लोक प्रॉम्प्टिंगवर होत नाही.

शरीराचं काम जिमपेक्षा वेगळं आहे. नल-दमयंतीच्या कथेत दमयंती देवांना ओळखते ती खुणांवरून: त्यांची पापणी लवत नाही, त्यांना घाम येत नाही, त्यांच्या माळा कोमेजत नाहीत, पाय जमिनीला टेकत नाहीत. यातली पहिली खूण नटाच्या फार कामाची आहे. क्लोजअपमध्ये ओळ संपेपर्यंत पापणी न हलवणारा चेहरा आपोआप गंभीर दिसतो. घरी आरशासमोर सराव करा, पण डोळे ताणून नाही; ताणलेले डोळे असुराचे. तसाच आशीर्वादाचा हात. ‘तथास्तु’ एका शब्दाचं, पण लायटिंग जुळवताना आणि टेकमागून टेक देताना तो हात कित्येक मिनिटं वर राहतो आणि खांदा भरून येतो. दोन मिनिटं हात छातीच्या उंचीवर धरून संवाद म्हणायचा, मग तीन. मुकुटासह मान झुकवून ‘हो’ म्हणता येत नाही, मुकुट पुढे येतो. मान आणि खांदे एकत्र वळवायला शिका.

मुकुटाचं माप विग चढवल्यावरच द्यायचं. आधी दिलं तर नंतर तो एकतर बसत नाही किंवा कपाळावर काचतो. आतून कपाळाच्या रेषेवर फोमची पट्टी लावून घ्या. विगची जाळी कपाळाला स्पिरिट गमने चिकटवतात. घामाने ती आधी कानशिलापाशी सुटते, म्हणून दर ब्रेकला तिथे बघा. काढताना ओढायची नाही, रिमूव्हरने विरघळवायची. घाईत ओढली की कातडी सोलते आणि दुसऱ्या दिवशी त्याच जागी पुन्हा गोंद लागतो. त्वचा नाजूक असेल तर लूक टेस्टच्या आदल्या दिवशी हाताच्या आतल्या बाजूला थोडा गोंद लावून पाहा. छातीचं वॅक्सिंग शूटिंगच्या दोन दिवस आधी, त्याच दिवशी केलं तर बॉडी मेकअप झोंबतो. बाजूबंद आणि कंबरपट्ट्यांच्या कडा आतून कापडाने शिवून घ्या. चुन्या आधीच शिवलेलं धोतर मिळतं, तरी आत शॉर्ट्स हवीतच. जेवायला जाण्याआधी स्वतःचा मोबाइल फोटो: उपरणं कोणत्या खांद्यावर, माळा कोणती वर. कंटिन्युइटी (आधीच्या शॉटशी पोशाख-दागिन्यांचा मेळ) सांभाळणारा माणूस असतो, पण चूक पडद्यावर तुमच्या अंगावर दिसते. पाणी स्ट्रॉने प्या, मिशी आणि रंग वाचतात. अनवाणी दृश्य असेल तर ‘रोल’ म्हणेपर्यंत पायात चपला ठेवा. सेटवर खिळे पडलेले असतात.

क्रोमासमोर काम म्हणजे हिरव्या किंवा निळ्या कापडासमोर राक्षस आहे असं मानणं. राक्षस किती उंच, कुठून येणार, हे सहायकाला विचारा आणि एका टेपच्या खुणेवर नजर पक्की करा. दोन नट वेगवेगळ्या उंचीवर बघत असले की पुढे कितीही व्हीएफएक्स लावा, प्रसंग खोटा दिसतो. बाण बहुधा नंतर घातला जातो, तेव्हा प्रत्यंचा सोडल्यावर नजर किती वेगाने प्रवास करणार हे आकडे मोजून ठरवा. मोरपिसात हिरवाही असतो आणि निळाही, त्यामुळे कृष्णाच्या डोक्यावरचं पीस क्रोमात कसं वाचवणार याची चर्चा तुमच्यासमोर होत राहील. तेवढ्या वेळात बसून घ्या. घोडा, रथ, तलवार असेल तर फाइट मास्टरबरोबर तालीम झाल्याशिवाय टेक देऊ नका.

शूटिंग कुठे आहे हे सही करण्याआधी विचारा. गोरेगावची फिल्मसिटी वेगळी आणि उंबरगाव वेगळं. महाराष्ट्राच्या हद्दीला लागून असलेलं गुजरातमधलं हे गाव रामानंद सागरांच्या ‘रामायण’पासून (१९८७) पौराणिक मालिकांचं ठाणं आहे, २०१३चं ‘महाभारत’ आणि २०१८पासूनचं ‘राधाकृष्ण’ही तिथलंच. मुंबईची लोकल डहाणू रोडला संपते, ते चर्चगेटपासून सुमारे सव्वाशे किलोमीटर. पुढे घोलवड, मग उंबरगाव रोड. म्हणजे शिफ्ट बारा तासांची असली तरी रोज ये-जा अशक्य, तिथेच राहावं लागतं, आणि मुंबईतल्या बाकीच्या ऑडिशनना जाणं बंद होतं. राहण्याचा खर्च कोणाचा, महिन्याला सुट्ट्या किती, हे तोंडी ठेवू नका.

करारात आणखी बघायचं ते असं. रोजाचा दर आणि महिन्याला किमान किती दिवसांची हमी. हमी नसेल तर मोठा दर फसवा असतो, कारण युद्धाच्या पर्वात विदुराला कोण बोलावतो? पैसे महिना संपल्यावर साधारण नव्वद दिवसांनी येतात. जानेवारीतल्या कामाचे पैसे एप्रिल संपताना किंवा मे महिन्यात, तेही दहा टक्के टीडीएस आणि काम मिळवून देणाऱ्या कोऑर्डिनेटरचं कमिशन कापून. म्हणून मालिका मिळाली तरी चार-पाच महिन्यांचा खर्च खिशात हवा. हजेरीची स्वतःची नोंद ठेवा: तारीख, सेटवर पोचल्याची वेळ, पॅकअप. ‘सिन्टा’ या कलाकारांच्या संघटनेचं सभासदत्व घ्या, थकबाकीचा वाद झाला तर तक्रार लेखी करता येते आणि ही नोंद तिथे कामाला येते.

आणि शिक्का, म्हणजे एकाच तऱ्हेच्या भूमिकांत अडकणं. देवाची भूमिका गाजली की दुसरा देवच समोर येतो: सौरभ राज जैन ‘देवों के देव महादेव’मध्ये विष्णू होते, २०१३च्या ‘महाभारत’मध्ये कृष्ण, नंतर ‘महाकाली’त शिव. हे वाईट नाही, सलग काम मिळतं. पण रामाच्या भूमिकेनंतर अरुण गोविल यांना व्यावसायिक चित्रपट मिळेनासे झाले, हे त्यांनी स्वतःच सांगितलं आहे. बाहेर पडलेलेही आहेत. महादेव झालेले मोहित रैना ‘उरी’ आणि ‘मुंबई डायरीज’मध्ये दिसले, लहान वयात कृष्ण झालेला स्वप्नील जोशी मराठी चित्रपटांचा नायक झाला, ‘जय मल्हार’च्या खंडोबानंतर देवदत्त नागे ‘तान्हाजी’त सूर्याजी झाले. वाट आहे, मात्र ती मालिका संपल्यावर शोधायची नसते. मालिका चालू असतानाच साध्या कपड्यांतली, आजच्या बोलीतली दोन-तीन दृश्यं चित्रित करून शोरील (कामाचा नमुना दाखवणारा छोटा व्हिडिओ) तयार ठेवा, कारण मालिकेतल्या क्लिप बघून कास्टिंगवाल्याला विगखालचा माणूस दिसत नाही. करारात ‘दुसरीकडे काम नाही’ हे कलम किती काळाचं आहे ते पाहा. प्रसारण संपल्यावरही काही महिने ते लागू राहणार असेल, तर तेवढ्या महिन्यांचे पैसे मागा किंवा ती ओळ सहीआधी काढून घ्या.