अबुजा-कडुना रोडने जायचंय? आधी हे वाचा

नायजेरियात कामाला असलेल्यांनी अबुजाहून कडुनाला शक्यतो ट्रेननेच जा, कारण रोडवर अपहरणाची भीती असते. अबुजाच्या इदू किंवा कुब्वा स्टेशनला बसायचं आणि कडुनाच्या रिगासा स्टेशनला उतरायचं. २८ मार्च २०२२ ला ह्याच ट्रेनवर हल्ला करून लोकांना पळवून नेलेलं, मग डिसेंबरमध्ये गाडी परत सुरू झाली, त्यामुळे निघायच्या आदल्या दिवशी चौकशी कराच. रोडनेच जायचं असेल तर उजाडल्यावर निघा, अंधाराआधी पोचा, टाकी फुल, लाइव्ह लोकेशन फक्त घरच्यांना, स्टेटसला अजिबात नाही. ह्या रोडवरच्या कटारी, रिजाना गावांच्या पट्ट्यात उगाच थांबू नका, ड्रायव्हर लोकलच घ्या आणि तो नको म्हणाला तर नकोच. आपण निघून जातो हो, रिजानावाले तिथंच राहतात, त्यांची फार काळजी वाटते.