भाड्याच्या वादात पोलिसांचा अधिकार कुठवर?
नाशिकच्या पंचवटीतील भाड्याच्या खोलीवरून वाद झाला आणि पोलीस ठाण्यातून ‘संध्याकाळपर्यंत खोली रिकामी करा’ असा फोन आला, तरी घाबरून सामान बांधू नये. कारण ताबा मिळवून देण्याचा किंवा थकबाकी वसूल करण्याचा अधिकार पोलिसांना नसून तो न्यायालयाचा आहे. बोलावणे आल्यास लेखी नोटीस नम्रपणे मागावी, आणि कोऱ्या कागदावर सही मुळीच करू नये, हे मी कळकळीने सांगतो. मारहाण वा धमकी घडल्यास मात्र पोलिसांकडेच तक्रार देऊन पोच घ्यावी. जबरदस्तीने बाहेर काढल्यास स्पेसिफिक रिलीफ कायदा, १९६३ च्या कलम ६ नुसार सहा महिन्यांच्या आत ताब्यासाठी दावा लावता येतो. नाशिकच्या सीबीएस म्हणजे मध्यवर्ती बसस्थानकाजवळच्या जिल्हा न्यायालयातील विधी सेवा प्राधिकरणाकडून महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो.